राजकीय प्रचाराने जनमत बदलते म्हणजे नेमके काय होते?

फेब्रुवारी १९९१ च्या अखेरीस कुवेतमधून इराकी सैन्याला हुसकावून लावण्यात आले आणि त्याच सुमारास गॅलप संस्थेच्या चाचणीत अमेरिकेचे तत्कालीन अध्यक्ष थोरले जॉर्ज बुश यांच्या कामगिरीवर ८९ टक्के लोक समाधानी असल्याचे आढळले. १९९२ च्या उन्हाळ्यात हाच आकडा २९ टक्क्यांपर्यंत घसरला आणि नोव्हेंबरमध्ये बुश निवडणूक हरले. या दीड वर्षात त्यांचा स्वभाव पालटला नव्हता, युद्धातला विजय कोणी नाकारला नव्हता आणि लोकांना विचारला जाणारा प्रश्नही शब्दशः तोच होता. अर्थव्यवस्था ढासळली म्हणून लोक नाराज झाले, हे उत्तर चटकन सुचते आणि त्यात तथ्यही आहे, कारण जून १९९२ मध्ये बेरोजगारीचा दर ७.८ टक्क्यांवर गेला होता. तरीही एक गोष्ट उरतेच. जुलै १९९० मध्ये सुरू झालेली मंदी ८९ टक्के लोक खूश होते त्या दिवसांतही चालूच होती. मंदी होती, पण अध्यक्षांविषयी मत देताना ती लोकांच्या मनात पुढे नव्हती. पुढे होते ते युद्ध. वर्षभराने टीव्हीच्या पडद्यावरून रणगाडे गेले, कारखान्यांना लागलेली टाळी आली, आणि त्याच माणसाला लोक वेगळ्या तराजूत तोलू लागले.

राजकीय संवादाचा जनमतावर काय परिणाम होतो, हा प्रश्न समजून घ्यायला हे उदाहरण सोयीचे आहे. प्रभावी भाषण ऐकून किंवा चलाख जाहिरात पाहून माणूस आपले मत सोडतो आणि समोरच्याचे मत स्वीकारतो, असे चित्र आपल्या डोळ्यांसमोर असते. असे घडते, पण फार क्वचित. प्रभाव पडतो तो बहुधा त्याच्या अलीकडच्या पायऱ्यांवर: कोणता विषय महत्त्वाचा वाटावा, त्याला कोणत्या नावाने ओळखावे, कोणत्या निकषावर नेत्याला जोखावे आणि आपल्यासारखी इतर माणसे काय मानतात अशी समजूत व्हावी. या पायऱ्या आपल्या नकळत पार होतात आणि शेवटी जे मत बनते ते आपण स्वतःच बनवले, अशी आपली प्रामाणिक खात्री असते.

राजकीय संवाद हा शब्द येथे व्यापक अर्थाने घ्यायचा आहे. नेत्याचे भाषण, पक्षाची जाहिरात, मंत्र्याची पत्रकार परिषद, बातमीचा मथळा, चर्चेत कोणाला बोलावले आणि कोणाला नाही, नातेवाइकाने पुढे पाठवलेला व्हिडिओ, हे सगळे त्यात येते. एखाद्या प्रश्नावर सरकारने बाळगलेले मौनसुद्धा त्यात मोडते.

विसाव्या शतकाच्या पहिल्या तीन-चार दशकांत या संवादाच्या ताकदीविषयी मोठी धास्ती होती. पहिल्या महायुद्धात लढणाऱ्या प्रमुख देशांनी प्रचारयंत्रणा उभारल्या होत्या, त्यानंतर रेडिओ आला, आणि प्रचार म्हणजे जणू सुईने शरीरात औषध सोडावे तसा मनात विचार सोडणे, असे अनेकांना वाटू लागले. या समजुतीला पहिला मोठा धक्का १९४० च्या अमेरिकी अध्यक्षीय निवडणुकीत बसला. पॉल लाझार्सफेल्ड आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी ओहायो राज्यातील ईरी काउंटीत मे ते नोव्हेंबर असे सहा-सात महिने सुमारे ६०० मतदारांच्या एकाच गटाची पुन्हा पुन्हा भेट घेतली. प्रचाराने मतदार एका पक्षाकडून दुसऱ्या पक्षाकडे कसे सरकतात, हे त्यांना टिपायचे होते. टिपायला फारसे काही सापडलेच नाही. संपूर्ण प्रचारकाळात एका बाजूहून दुसऱ्या बाजूला खऱ्या अर्थाने गेलेले लोक जेमतेम ८ टक्के निघाले. बहुतेकांचे आधीचे मत प्रचाराने अधिक घट्ट झाले, आणि काहींचा सुप्त कल जागा होऊन स्पष्ट झाला. त्याहून गमतीची गोष्ट अशी की प्रचार मन लावून ऐकणारे लोक तेच होते ज्यांचा निर्णय आधीच झालेला होता; ज्यांना पटवायचे ते मतदार प्रचाराकडे लक्षच देत नव्हते. ज्यांनी मत बदलले त्यांच्यावरही रेडिओपेक्षा ओळखीच्या माणसांच्या बोलण्याचा परिणाम अधिक दिसला. प्रत्येक वर्तुळात राजकारणाची जाण असलेली दोन-चार माणसे असतात. ती बातम्या ऐकतात, वाचतात आणि त्यांच्या तोंडून तो विचार, थोडा बदलून, इतरांपर्यंत पोचतो. संवादाचा हा दोन टप्प्यांचा प्रवास आजच्या मोबाइलवरच्या गटांनाही तितकाच लागू पडतो.

पुढच्या संशोधनाने हे चित्र फारसे बदलले नाही. २००६ साली टेक्सासच्या गव्हर्नरपदाच्या निवडणुकीत एका उमेदवाराच्या प्रचारयंत्रणेने संशोधकांना चक्क आपल्या खऱ्या जाहिराती कोणत्या भागात कधी दाखवायच्या, हे चिठ्ठ्या टाकल्यासारखे ठरवू दिले. राजकारणात अशी उदारता विरळाच. जाहिरातींचा परिणाम ठळक दिसला, पण आठवडाभरात तो जवळजवळ विरून गेला. २०१८ मध्ये जोशुआ काला आणि डेव्हिड ब्रूकमन यांनी अमेरिकेतील अशा ४९ क्षेत्रीय प्रयोगांचा एकत्र हिशेब मांडला, तेव्हा पक्षांमधल्या मुख्य निवडणुकीत घरोघरी भेटी, फोन, पत्रके यांनी मतदाराची पसंती बदलण्याचा सरासरी परिणाम शून्याच्या आसपास निघाला.

मग पक्ष इतका पैसा का ओततात? एक कारण रस्सीखेचीचे आहे. दोन्ही बाजू जीव तोडून ओढत असल्याने दोर जागचा हलत नाही. पण म्हणून एका बाजूने हात सोडला तर काय होईल, हे कोणालाच आजमावायचे नसते. दुसरे कारण असे की पटवण्यापेक्षा आपल्याच माणसांना मतदान केंद्रापर्यंत आणणे सोपे असते. २००६ मध्ये मिशिगन राज्यातील एका प्राथमिक, म्हणजे पक्षांचे उमेदवार ठरवणाऱ्या, निवडणुकीपूर्वी काही घरांना एक साधे पत्र गेले. त्यात कोणत्याही उमेदवाराची स्तुती नव्हती. त्या घरातील आणि शेजारच्या घरांतील माणसांची नावे, त्यांनी मागच्या निवडणुकांत मतदान केले होते की नाही याची सरकारी नोंदीतली माहिती, आणि या निवडणुकीनंतर असाच सुधारित तक्ता सर्वांना पाठवला जाईल अशी सूचना, एवढेच त्यात होते. ज्यांना कोणतेच पत्र गेले नव्हते त्यांच्यात मतदान २९.७ टक्के झाले. हे पत्र मिळालेल्यांत ते ३७.८ टक्के झाले. एकही युक्तिवाद न करता, केवळ ‘शेजाऱ्यांना कळेल’ या जाणिवेने आठ टक्क्यांची भर पडली. ही पद्धत परिणामकारक असली तरी अंगावर काटा आणणारी आहे, असे माझे मत आहे. स्वतःच्या दारात असे पत्र पडले तर आपल्याला काय वाटेल, याचा विचार करून पाहावा.

तिसरे कारण सर्वांत महत्त्वाचे, आणि बुश यांच्या उदाहरणाशी तेच जोडलेले आहे. १९६८ च्या अमेरिकी निवडणुकीच्या वेळी मॅक्सवेल मॅकॉम्ब्स आणि डोनाल्ड शॉ यांनी नॉर्थ कॅरोलिनातील चॅपल हिल येथील, अद्याप निर्णय न झालेल्या १०० मतदारांना देशापुढचे महत्त्वाचे प्रश्न कोणते, असे विचारले. त्याच वेळी त्या मतदारांपर्यंत पोचणाऱ्या वृत्तपत्रांनी, नियतकालिकांनी आणि टीव्ही वाहिन्यांनी कोणत्या प्रश्नांना किती जागा दिली, हेही मोजले. दोन्ही क्रमवाऱ्या जवळजवळ तंतोतंत जुळल्या. १९७२ मध्ये प्रसिद्ध झालेल्या या अभ्यासातून अजेंडा ठरवण्याचा सिद्धान्त पुढे आला. परराष्ट्र धोरणाविषयी काय मत असावे हे माध्यमे सहसा ठरवू शकत नाहीत. परंतु या आठवड्यात परराष्ट्र धोरणाचा विचार करावा की महागाईचा, हे ठरवण्यात त्यांचा मोठा हात असतो.

यावर एक रास्त आक्षेप घेता येतो. लोकांना जे महत्त्वाचे वाटते तेच माध्यमे दाखवत असतील, तर कोण कोणाच्या मागे चालले आहे? शांतो अय्यंगार आणि डोनाल्ड किंडर यांनी १९८० च्या दशकात हा गुंता प्रयोगाने सोडवला. त्यांनी सामान्य नागरिकांना अनेक दिवस बातमीपत्रे दाखवली आणि त्यांत काही बातम्यांची बेमालूम अदलाबदल केली; एका गटाच्या बातमीपत्रांत संरक्षणसिद्धतेतील उणिवांवरच्या बातम्या घातल्या, दुसऱ्याच्या बातमीपत्रांत दुसऱ्याच एखाद्या प्रश्नावरच्या. काही दिवसांतच त्या त्या गटाला तो तो प्रश्न अधिक गंभीर वाटू लागला. दुसरा निष्कर्ष अधिक खोल आहे: ज्या गटाने संरक्षणाच्या बातम्या पाहिल्या, त्याने अध्यक्षांच्या एकूण कामगिरीचे गुण देतानाही संरक्षणालाच जास्त वजन दिले. कोणीही त्यांना ‘अध्यक्षांना या निकषावर जोखा’ असे सांगितले नव्हते. माणूस कोणाविषयी मत देताना आपल्याला ठाऊक असलेल्या सगळ्या गोष्टींची बेरीज करत नाही. मनाच्या वरच्या कप्प्यात जे पडलेले असते ते हाताला लागते आणि त्यावर तो निवाडा करतो. त्यामुळे चतुर प्रचारक प्रतिस्पर्ध्याच्या मुद्द्याला उत्तर देण्याच्या भानगडीत फारसा पडत नाही. आपली बाजू जेथे बळकट आहे तो विषय चर्चेत राहावा, एवढीच त्याची खटपट असते. दोन उमेदवार एकमेकांशी वाद घालत आहेत असे आपल्याला वाटते, प्रत्यक्षात ते दोन वेगवेगळ्या विषयांवर बोलत असतात, आणि भांडण असते ते विषय कोणाचा चालणार याचे.

विषय ठरला की त्याची मांडणी कोणत्या चौकटीत करायची, हा पुढचा प्रश्न. १९८१ मध्ये एमॉस ट्वर्स्की आणि डॅनियल कानमन यांनी एक काल्पनिक प्रसंग लोकांपुढे ठेवला. एका साथीत ६०० माणसे दगावण्याची शक्यता आहे. पहिल्या योजनेत २०० जण निश्चित वाचतील. दुसऱ्या योजनेत सर्व वाचण्याची शक्यता एक तृतीयांश आणि कोणीच न वाचण्याची दोन तृतीयांश. ७२ टक्के लोकांनी पहिली, खात्रीची योजना निवडली. दुसऱ्या गटाला याच योजना ‘४०० जण निश्चित दगावतील’ अशा शब्दांत सांगितल्या, तेव्हा खात्रीची योजना निवडणारे केवळ २२ टक्के उरले. गणित एकच आहे, ६०० मधून २०० वाचणे म्हणजेच ४०० दगावणे; तरीही वाचण्याच्या भाषेत माणूस सावध होतो आणि मरणाच्या भाषेत जुगार खेळतो.

येथे दोन्ही वाक्ये खरी आहेत, हे लक्षात घ्यावे. चौकट म्हणजे खोटे बोलणे नव्हे, म्हणूनच ती पकडणे अवघड असते. ओहायो राज्यात कू क्लक्स क्लॅन या वर्णद्वेषी संघटनेची एक सभा झाली होती आणि दोन स्थानिक टीव्ही वाहिन्यांनी तिची बातमी दिली. एका वाहिनीने ती प्रामुख्याने भाषणस्वातंत्र्याचा प्रश्न म्हणून मांडली, दुसरीने सार्वजनिक शांतता बिघडण्याचा धोका म्हणून. थॉमस नेल्सन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी या खऱ्या बातम्या प्रयोगात वेगवेगळ्या गटांना दाखवल्या, तेव्हा पहिली बातमी पाहणारे लोक अशा सभांना परवानगी देण्याबाबत अधिक सहिष्णू निघाले. त्यांना नवी माहिती मिळाली म्हणून हे झाले असे म्हणता येणार नाही. भाषणस्वातंत्र्य आणि सार्वजनिक शांतता ही दोन्ही मूल्ये आधीपासूनच प्रत्येकाच्या मनात असतात; त्यांतले कोणते या प्रसंगाला लावायचे, हे बातमीने सुचवले. अमेरिकेत १९८० च्या दशकातील सर्वेक्षणांत ‘गरिबांना मदत’ यावर सरकार फार कमी खर्च करते असे ६० टक्क्यांहून अधिक लोक म्हणत, आणि त्याच खर्चाला त्या देशात बदनाम झालेला ‘वेल्फेअर’ हा शब्द वापरला की असे म्हणणारे चारात एकाच्या आसपास उरत. कराला, कायद्याला, आंदोलनाला कोणते नाव द्यायचे यावर पक्ष इतके का झगडतात, ते यावरून कळावे.

चौकटीची ताकद अमर्याद मात्र नाही. दोन्ही बाजूंच्या चौकटी एकाच माणसासमोर आल्या की त्या एकमेकींना बऱ्याच अंशी निष्प्रभ करतात आणि माणूस आपल्या मूळ मूल्यांकडे परततो, असे नंतरच्या अनेक प्रयोगांत आढळले आहे. खरी अडचण एकाच चौकटीतून सतत पाहत राहणाऱ्याची होते.

एव्हाना जनमत म्हणजे नक्की काय, अशी शंका वाचकाला आली असेल, तर ती योग्यच आहे. १९४० मध्ये अमेरिकेत एका सर्वेक्षणात लोकशाहीविरोधी भाषणांना ‘परवानगी द्यावी का’ असे विचारले तेव्हा ६२ टक्के लोक ‘देऊ नये’ म्हणाले. तशाच दुसऱ्या गटाला अशा भाषणांवर ‘बंदी घालावी का’ असे विचारले तेव्हा ‘घालावी’ म्हणणारे ४६ टक्केच निघाले. परवानगी न देणे आणि बंदी घालणे यांत व्यवहारात काडीचाही फरक नाही. पण बंदी हा शब्द कानाला कठोर लागतो. १९७० च्या दशकात सिनसिनाटी विद्यापीठातील संशोधकांनी त्याही पुढे जाऊन लोकांना १९७५ च्या एका ‘सार्वजनिक व्यवहार कायद्या’विषयी मत विचारले. असा कायदा अस्तित्वातच नव्हता, तरी सुमारे एक तृतीयांश लोकांनी त्याच्या बाजूने किंवा विरोधात मत दिले. या लोकांना मूर्ख ठरवण्याचे कारण नाही. प्रश्न विचारणाऱ्याचा मान राखावा, अडाणी दिसू नये, म्हणून ‘सार्वजनिक व्यवहार’ या शब्दांवरून जो अर्थ लागला त्यावर त्यांनी उत्तर दिले. बऱ्याच विषयांवर आपले मत प्रश्न येताच जागच्या जागी जुळवलेले असते, आणि जुळवताना जवळ जे साहित्य असते ते गेल्या काही दिवसांत कानावर पडलेल्या राजकीय संवादाचेच असते.

असे असूनही चाचण्यांचे आकडे एकदा छापून आले की त्यांना वजन प्राप्त होते. १९३६ मध्ये ‘लिटररी डायजेस्ट’ या अमेरिकी साप्ताहिकाने सुमारे एक कोटी लोकांना मतपत्रिका पाठवल्या, २० लाखांहून अधिक परत आल्या, आणि त्यावरून तत्कालीन अध्यक्ष रूझवेल्ट हरणार असे भाकीत केले. रूझवेल्ट सुमारे ६१ टक्के मते घेऊन निवडून आले. जॉर्ज गॅलप यांनी त्याहून कितीतरी लहान, पण नीट निवडलेल्या नमुन्यावरून विजेता बरोबर सांगितला आणि आधुनिक जनमत चाचणीचा जम बसला. तेव्हापासून जनमताचा आकडा हाही प्रचाराचाच एक घटक झाला आहे, कारण इतर काय मानतात याचा अंदाज बांधून माणूस स्वतःचे तोंड उघडतो किंवा मिटतो.

या शेवटच्या गोष्टीचा अभ्यास जर्मनीतील एलिझाबेथ नोएल-नॉयमन यांनी केला. त्यांची कसोटी साधी होती. समजा तुम्हाला रेल्वेने पाच तासांचा प्रवास करायचा आहे आणि डब्यातला एक सहप्रवासी एखाद्या वादग्रस्त प्रश्नावर ठामपणे बोलू लागला, तर तुम्ही त्याच्याशी बोलाल की गप्प बसाल? आपली बाजू कमी होत चालली आहे असे ज्यांना वाटते ते गप्प बसणे पसंत करतात, त्यांच्या गप्प बसण्याने ती बाजू प्रत्यक्षात आहे त्याहून दुबळी दिसते, ते पाहून आणखी काही जण गप्प होतात, आणि मौनाचे हे चक्र फिरत राहते, अशी त्यांची १९७४ मधली मांडणी होती. पुढच्या अभ्यासांत हा परिणाम सरासरीने लहानच आढळला. तरीही नेत्याच्या प्रत्येक पोस्टखाली काही मिनिटांत शेकडो एकसारख्या प्रतिक्रिया का पाडल्या जातात, याचे उत्तर याच मांडणीत सापडते. त्या प्रतिक्रियांनी कोणाला पटवायचे नसते. विरोधी मताच्या माणसाला आपण एकटे आहोत असे वाटले तरी काम झाले.

समाजमाध्यमांविषयी इतके बोलले जाते की येथे दोनच गोष्टी नोंदवतो. २०१० च्या अमेरिकी निवडणुकीच्या दिवशी फेसबुकने सुमारे ६ कोटी १० लाख वापरकर्त्यांवर एक प्रयोग केला. ‘मतदान करा’ असा नुसता संदेश पाहून फरक पडला नाही. मतदान केलेल्या मित्रांची छायाचित्रे सोबत दिसली तेव्हा मात्र मतदान किंचित वाढले. म्हणजे ईरी काउंटीतल्या निष्कर्षाची ही नवी आवृत्तीच. दुसरी गोष्ट अधिक काळजीची आहे. २०१८ मध्ये केंब्रिज ॲनालिटिका या राजकीय प्रचाराचा सल्ला देणाऱ्या कंपनीच्या प्रकरणात ८.७ कोटींपर्यंत फेसबुक वापरकर्त्यांची माहिती गैरमार्गाने गोळा झाल्याचे उघड झाले, तेव्हा या माहितीवरून लोकांची मने वश केली जातात असा गवगवा झाला. त्या कंपनीचे दावे तिच्या विक्रीच्या भाषेतले होते आणि ते जसेच्या तसे खरे मानायला आधार नाही. अशा नेमून पाठवलेल्या जाहिरातींचा खरा धोका मला त्यांच्या खासगीपणात दिसतो. चौकात केलेले भाषण सगळ्यांच्या साक्षीने होते, त्याला उत्तर देता येते. एकाच पक्षाने एकाला एक आणि दुसऱ्याला नेमके उलटे आश्वासन दिले, आणि दोघांनी एकमेकांचा पडदा कधीच पाहिला नाही, तर खोटेपणा पकडणार कोण?

आतापर्यंतच्या सर्व प्रयोगांत एक गोष्ट गृहीत होती: बोलणारे अनेक आहेत आणि ऐकणाऱ्याला निवड आहे. ती परिस्थिती बदलली की परिणामांचे प्रमाणही बदलते. रशियातील १९९९ च्या संसदीय निवडणुकीत राष्ट्रीय स्तरावरची, सरकारच्या ताब्याबाहेरची एनटीव्ही ही एकच वाहिनी होती आणि तिचा संकेत देशाच्या सर्व भागांत पोचत नव्हता. जेथे ती दिसत होती तेथे सरकारसमर्थक पक्षाची मते सुमारे ९ टक्के बिंदूंनी कमी पडल्याचे अभ्यासकांनी दाखवले आहे. जर्मनीतील रेडिओचा इतिहास आणखी बोलका आहे. १९२९ नंतर तेथील रेडिओवरच्या राजकीय बातम्यांचा कल नाझींच्या विरोधात होता आणि जेथे रेडिओ ऐकू येत होता तेथे नाझींच्या मतांची वाढ मंदावली. जानेवारी १९३३ मध्ये हिटलर सत्तेवर येताच रेडिओ त्यांच्या हाती गेला आणि मार्चच्या निवडणुकीपर्यंतच्या पाच आठवड्यांत तो आधीचा परिणाम पुसला गेला. पुढे ज्यूविरोधी प्रचाराचा मात्र सर्वत्र सारखा परिणाम झाला नाही. जेथे ज्यूद्वेषाची परंपरा आधीपासून होती तेथे त्याने द्वेष भडकला. जेथे ती नव्हती तेथे तो उलटला. ईरी काउंटीत मत घट्ट होताना दिसले होते. येथे द्वेष घट्ट झाला.

संवादाच्या प्रभावाविषयीच्या कथाही तपासून घ्याव्या लागतात. सप्टेंबर १९६० मध्ये अमेरिकेच्या अध्यक्षपदाचे उमेदवार केनेडी आणि निक्सन यांची टीव्हीवर पहिली वादचर्चा झाली. रेडिओवर ऐकणाऱ्यांना निक्सन जिंकले असे वाटले आणि टीव्हीवर पाहणाऱ्यांना देखणे केनेडी, ही गोष्ट हजार वेळा सांगितली जाते. तिचा आधार मुख्यतः एका सर्वेक्षणातील तीनशेहून कमी रेडिओ-श्रोत्यांचा आहे, आणि ते श्रोते मुळातच निक्सन यांच्याकडे झुकलेल्या गटांतले असू शकतात. प्रतिमा महत्त्वाची असते हे प्रयोगांतून दिसले आहे, पण ही कथा तितकी पक्की नाही.

याउलट, एका भाषणाचा परिणाम जवळजवळ डोळ्यांनी पाहता आला असा प्रसंग १९३३ चा आहे. अमेरिकेत हजारो बँका बुडाल्या होत्या आणि उरलेल्या बँकांतून लोक घाबरून पैसे काढून घरात ठेवत होते. फ्रँकलिन रूझवेल्ट यांनी ४ मार्चला शपथ घेतली, ६ मार्चला देशातील सर्व बँका बंद ठेवण्याचा आदेश काढला आणि ९ मार्चला संसदेने एकाच दिवसात बँकविषयक आणीबाणीचा कायदा संमत केला. १२ मार्चच्या रविवारी रात्री दहा वाजता ते रेडिओवर बोलले. भाषण पंधरा मिनिटांचेही नव्हते. बँकेत ठेवलेला पैसा तिजोरीत पडून राहत नाही, तो कर्जाच्या आणि रोख्यांच्या रूपाने फिरत असतो, म्हणून सगळ्यांनी एकाच दिवशी मागितला तर चांगली बँकही तो देऊ शकत नाही, हे त्यांनी साध्या शब्दांत सांगितले. उद्या कोणत्या शहरांतल्या बँका उघडतील, परवा कोणत्या, तुमची बँक पहिल्या दिवशी उघडली नाही तर ती बुडाली असे का समजू नये, हेही क्रमाने सांगितले. पैसा गादीखाली ठेवण्यापेक्षा पुन्हा उघडलेल्या बँकेत अधिक सुरक्षित आहे, असा दिलासा त्यांनी दिला. विरोधकांवर टीका नव्हती, आवाज चढलेला नव्हता. ऐकणाऱ्या प्रत्येकाच्या मनात तेव्हा एकच प्रश्न होता, त्याला उत्तर मिळाले, आणि त्या उत्तरामागे तीन दिवसांपूर्वीच झालेला कायदा उभा होता. केवळ गोड शब्दांवर लोकांनी विसंबावे अशी ती वेळ नव्हती.

सोमवारी सकाळी पहिल्या बारा शहरांतल्या बँका उघडल्या तेव्हा दारांपुढे पुन्हा रांगा लागल्या होत्या. या वेळी लोक पैसे भरायला आले होते, आणि दोन आठवड्यांत घरात दडवलेल्या रोख रकमेपैकी निम्म्याहून अधिक बँकांत परत आली.